त्याच्या बाजूची फाइल

क्लायपेडाच्या बंदरात रात्रपाळी सहाला संपते.
क्रेनच्या केबिनमधून एकशे चौतीस पायऱ्या उतरतो,
गुडघे मोजतात, मी नाही.
घरी येऊन बूट काढायच्या आधी संगणक लावतो.

रिप्ले म्हणजे चित्रफीत नव्हे,
हे मला फार उशिरा कळलं.
चित्रच नसतं त्यात. नुसत्या नोंदी:
अमुक क्षणाला रणगाडा इतका वळला,
तमुक क्षणाला तोफ सुटली, गोळा कुठे बसला.
खेळ त्या वाचतो आणि लढाई पुन्हा मांडतो,
वाण्याच्या वहीवरून कुणाचा महिना ओळखावा तसा.

नऊ दिवस मी एकच लढाई पाहत होतो.
चौदा मिनिटं, हार.
सहा मिनिटं बारा सेकंदांना डाउमान्तास टेकडी सोडतो.
तिथे थांबवायचो. मागे. पुन्हा. अर्ध्या वेगाने. पाव वेगाने.
समोरच्या उतारावर कुणी नाही, गवत हलतं,
तेही प्रत्येक खेपेला तसंच,
आणि हा गडी तोंड फिरवून गिरणीमागे जातो.
एकोणीस सेकंदांनी माझ्या डाव्या कुशीत गोळा.

पुरावा होता माझ्याकडे.
त्या रात्री मी जे तोंडसुख घेतलं ते सगळ्या चमूने ऐकलं:
टगबोटीवरच्या दोरवाल्याला सोडायचंच ठाऊक,
धरायचं नाही.
तो काही बोलला नाही. मग अबोला.
त्याची टग रोज माझ्या क्रेनखालून जायची
आणि मी नेमका तेव्हाच हुकाकडे बघायचो.

दहाव्या दिवशी त्याची फाइल आली.
सोबत एक शब्द नाही.

तीच टेकडी. तेच गवत.
गवतात पाच रणगाडे.
माझ्या फाइलीत ते नव्हते, कारण मला ते दिसलेच नव्हते;
जे खेळणाऱ्याला दिसत नाही ते नोंदीत उतरत नाही,
रिकामी जागा उतरते, खरी वाटावी इतकी नीट.
कोपऱ्यात त्याच्या रेडिओचं चिन्ह लाल.
सहा मिनिटं तीन सेकंदांना तो जळाला. म्हणजे नऊ सेकंद
ते पाच जण तो एकटाच पाहत होता.
गिरणीमागे लपायला गेला नव्हता.
माझ्याकडे येणारी वाट तिथून अडवता येते.
दोघांना अडवलं त्याने. तिसऱ्याने मला गाठलं.

पण फाइल मी पुन्हा मागे नेली ती त्यासाठी नाही.
खेळणाऱ्याने कुठे बघितलं, हेही नोंदीत असतं.
इंजिन पेटलेलं, तोफा रोखलेल्या,
आणि त्याची नजर तीनदा मागे वळते.
तिथे दूरवर एक ठेंगणा रणगाडा,
बुरूज भलतीकडे, धुरावर गोळे वाया घालवतोय,
डोक्यावर नाव माझं.
जन्मभर उंटावरून शेळ्या हाकल्या,
एवढा लहान मला मी कधी दिसलो नव्हतो.

बुधवारी नवी आवृत्ती येते.
मग या फाइली उघडत नाहीत,
उघडल्याच तर रणगाडे भिंतीतून चालतात,
कुणीच नसलेल्या जागी गोळे मारतात.
पडद्यावर विचारतंय: आता की नंतर?
नंतर.

रात्री पारा उणे चार, खाडीवर वाफ.
टग निघाली तेव्हा मी हुकाकडे बघितलं नाही.
केबिनचा दिवा बंद केला, चालू केला, बंद केला.
मुकादम रेडिओवर ओरडला,
वाइदोतास, झोपलास का, कंटेनर हवेत लटकलाय.
लटकू दे, म्हटलं, क्षणभर.
खाली डेकवर कुणीतरी दोर गुंडाळत होतं, पाठमोरं.
मान वळली की नाही
एवढ्या उंचीवरून सांगता येत नाही.